सहदेव उमाळ्यांनी टाकलेला गळ

जळगाव जामोदच्या आठवडी बाजारात सहदेवराव उमाळे दिसले की नारळवाला मनातल्या मनात हात जोडतो. "पाणीदार आहे, काका," असं तो सांगतो आणि सहदेवराव तो नारळ कानाशी नेऊन हलवतात. मग दुसरा हलवतात, मग तिसरा, आणि चांगला वेळ त्याचं डोकं खाऊन शेवटी पहिलाच घेऊन जातात. एसटीवर खामगावची पाटी असली तरी ते आधी ड्रायव्हरला विचारतात, मग कंडक्टरला, आणि आत बसल्यावर शेजारच्या बाईलाही. "एक दिवस मलेच विचारतीन, तू सुभद्राच हायेस ना म्हनून," असं त्यांची बायको शेजारणींना सांगते. सांगताना सुभद्राबाई हसतात, पण हे अगदीच हसण्यावारी नेण्यासारखं नाही हे त्यांनाही ठाऊक आहे.

माणूस असा जन्मत नाही, होतो. सहदेवरावांची उमेदीची सगळी वर्षं मुंबईत सिनेमाच्या आणि मालिकांच्या धंद्यात गेली, तीही पडद्याच्या मागे. प्रॉडक्शन मॅनेजर होते ते. म्हणजे नेमकं काय, हे गावात कोणाला समजावणं कठीण. नट रडतो, कॅमेरावाला ते टिपतो, दिग्दर्शक ओरडतो, एवढं लोकांना कळतं. पण सकाळी म्हटलेल्या जागी बैलगाडी, बैल, बैलांचा कडबा, लग्नातले पाहुणे, नवरदेवाचा फेटा आणि ह्या सगळ्यांचा नाष्टा हजर असतो, तो काही आभाळातून पडत नाही. तो सहदेवराव हजर करत. आणि त्या प्रत्येक वस्तूमागं खोटं बोलायला तयार असलेला एकेक माणूस उभा असे.

एकदा एका मालिकेला पांढऱ्याशुभ्र बैलांची जोडी हवी होती. व्यापाऱ्यानं आणली, दिग्दर्शक खूष झाला. सहदेवराव जवळ गेले, रुमाल ओला केला आणि उजव्या बैलाच्या पाठीवरून फिरवला. रुमाल पांढरा झाला आणि बैल तांबडा निघाला. दुसऱ्या एका सेटवर लग्नाच्या सीनला खराखुरा भटजी आणला होता. खरे मंत्र म्हटले तर खरं लग्न लागतं असं कोणीतरी नटीच्या कानात सांगितलं आणि ती भर मांडवात रडायला बसली. तेव्हापासून सहदेवरावांच्या सेटवर नवरा-नवरीसमोर भटजी मुंजीचे मंत्र पुटपुटत असे, आणि घरोघरी डोळे पुसत बसलेल्या प्रेक्षकांपैकी एकालाही ते कधी कळलं नाही.

पण त्यांचं खरं हत्यार वेगळंच होतं. त्याला ते 'गळ' म्हणत. शूटिंगसाठी एखादा बंगला ठरवला की ते सदा पेडणेकरला फोन करायला लावत. सदा हा हयातभर मालिकांमध्ये डॉक्टर आणि न्यायाधीश झालेला दोन वाक्यांचा नट. 'माफ करा, आम्ही त्यांना वाचवू शकलो नाही' हे त्यानं इतक्यांदा म्हटलं होतं की घरी चहासुद्धा त्याच आवाजात मागायचा. सदा त्या बंगलेवाल्याला भलत्याच मोठ्या कंपनीच्या नावानं फोन करी आणि त्याच तारखांना तोच बंगला मागे. मालक पाघळला की सहदेवरावांनी त्याचं नाव कायमचं खोडलंच म्हणून समजा. नाही पाघळला तर सदा दुसऱ्या दिवशी 'आमचं शूटिंग रद्द झालं' म्हणून कळवी आणि विषय मिटे. ह्या गळाला कितीतरी जण लागले. जे लागले नाहीत त्यांचं सहदेवरावांनी कधी कौतुक केलं नाही. अजून लागायचे आहेत, एवढंच ते म्हणत.

ह्या संशयाचं बी मात्र मुंबईत नाही, खामगावात पडलं होतं. मिसरूड फुटायच्या वयात सहदेवराव खामगावला कोणाच्या तरी लग्नाला गेले होते. तिथं एका कापसाच्या जिनिंग कारखान्याच्या मोकळ्या आवारात सफारी घातलेला एक माणूस सिनेमासाठी चेहरे निवडायला बसला होता. "तुझ्या डोळ्यांत काहीतरी आहे," असं तो म्हणाला. त्यानं फोटो काढला, फी घेतली, मुंबईच्या कंपनीचं कार्ड हातात ठेवलं. पुढं बरेच दिवस काहीच आलं नाही, तेव्हा सहदेव स्वतःच मुंबईला गेला. कार्डावरच्या पत्त्यावर पिठाची गिरणी होती. गिरणीवाल्यानं त्याला पाणी दिलं. अशी पोरं अधूनमधून येतात, म्हणाला, आणि मागच्या गल्लीत शूटिंग चाललंय, तिथं सामान उचलायला माणसं लागतात, हेही सांगितलं. सहदेव गेला, त्यानं सामान उचललं, मग चहा वाटला, मग चहा वाटणाऱ्यांवर लक्ष ठेवलं, आणि असं करत करत पुढं आख्खं युनिट त्याच्या शब्दावर हलू लागलं. खोट्या कंपनीचा पत्ता शोधत गेलेला पोरगा खऱ्या कंपनीला लागला होता. ही गोष्ट सहदेवराव नेहमी सांगत, पण सगळा जोर पहिल्या अर्ध्यावर: कसं फसवलं. दुधानं तोंड पोळलं की माणूस ताकही फुंकून पितो म्हणतात. हे तर पाणीही फुंकून पीत.

काम सुटल्यावर ते गावी परतले. स्वतःचं मूल नव्हतं. धाकटा भाऊ गोविंदा ह्याचं बाजारगल्लीत कटलरीचं, म्हणजे टिकल्या-बांगड्यांचं, दुकान होतं, आणि त्याची मुलगी मयुरी हीच सहदेवरावांची सगळी माया. ती लहान असताना त्यांनी तिला सेटवरचा पत्र्याचा मुकुट आणून दिला होता, आणि तो घालून ती शाळेत गेली होती. आता बी.ए. होऊन ती बापाच्या दुकानात बसत होती, आणि टिकल्यांच्या पाकिटावरून गिऱ्हाइकाशी भांडताना सगळी गल्ली ऐकत राहील अशी बोलत होती. गोविंदानं तिच्यासाठी स्थळं पाहायला सुरुवात केली होती.

फाल्गुन लागायच्या सुमारास एका सकाळी ती मोठ्या काकांकडे धावतच आली.

"मोठेबाबा, मले सिनेमात काम भेटलं."

सहदेवरावांनी ओठाशी नेलेली बशी खाली ठेवली. "कोनं देल्लं?"

"पूनमताई म्हनून हायेत. दिग्दर्शक हायेत त्या. दोन दिवस दुकानात येऊन बसून राह्यल्या होत्या."

"दोन दिवस बसली अन् घेतलं काय?"

"एक कंगवा."

"ऑडिशन घेतली का?"

"नाई. त्या म्हने, तू गिऱ्हाइकासंग जशी भांडते तशीच बोलजो."

"संवाद?"

"लिहेलच नाईत."

"मेकअपवाला कोन हाय?"

"मेकअप करायचाच नाई म्हने."

सहदेवराव पुढं झुकले. "नारळ कवा फोडला?"

"नारळ कायचा?"

सहदेवरावांनी बायकोकडे पाहिलं. त्यांच्या लेखी खटला इथंच संपला होता. हयातीत त्यांनी चालणारे सिनेमे पाहिले, पडणारे पाहिले, दुसऱ्या दिवशीच बंद झालेले पाहिले, पण नारळाशिवाय सुरू झालेला एकही पाहिला नव्हता. देव न मानणारा दिग्दर्शकही कॅमेऱ्यापुढं नारळ फोडत असे, कारण कॅमेऱ्याचा भरवसा कोणालाच नव्हता.

"मोठेबाबा, डोंगराच्या पायथ्याशी एकटी राह्यनाऱ्या पोरीची गोष्ट हाय," मयुरी म्हणाली. "आख्ख्या सिनेमात मीच हाये. बाबा म्हनतात, दादाले विचार. लगन झाल्यावर मले कोन जाऊ देईन? हे एकच हाय माह्याजवळ. तुमी हाव म्हना."

मागोमाग गोविंदाही आला. "दादा, तू त्या धंद्यात हाडं झिजवली," तो म्हणाला. "तू हाव म्हनशील तं हाव, नाई म्हनशील तं नाई."

एवढा मोठा अधिकार मुंबईत त्यांना कोणी दिला नव्हता. "पाहून सांगतो," सहदेवराव म्हणाले, आणि त्यांच्या अंगात कितीतरी दिवसांनी तरतरी आली.

न कळवता जायचं ही त्यांची जुनी पद्धत. सातपुड्याच्या पायथ्याशी जिथं शूटिंग ठरलं होतं त्या वाडीला ते एसटीनं आणि पुढं पायी गेले. पळस भरात होता, सगळा उतार लालभडक. तिथं त्यांना युनिट शोधावं लागलं, आणि युनिट शोधावं लागतं हीच पहिली खूण त्यांना पुरली. युनिट दुरून ऐकू येतं. जनरेटरची गाडी, खुर्च्यांचा ढीग, कोणावर तरी ओरडणारा कोणीतरी. इथं एका कुडाच्या घरापुढं चार जण होते. कॅमेरा एवढासा. दिवे नाहीत. आणि घराच्या मागं एक तरुण बाई राख घेऊन चहाचे कप घासत होती. तीच पूनम, तीच दिग्दर्शक.

"या काका," त्यांनी नाव सांगताच हात पुसत ती म्हणाली. "मयुरीनं सांगितलं, तुम्ही मोठमोठी युनिटं सांभाळलीत. आमचं हे बघून तुम्हाला हसू येईल."

सहदेवराव हसले नाहीत. कप घासणारा दिग्दर्शक त्यांनी जन्मात पाहिला नव्हता. ती शिकली पुण्यात, मूळ यवतमाळकडची, असं तिनं सांगितलं, आणि पुण्याच्या बोलण्यात मध्येच एखादा वऱ्हाडी शब्द यायचा, तोही त्यांना पेरल्यासारखा वाटला. परवानगीचं विचारलं तर तिनं ग्रामपंचायतीचं पत्र दाखवलं. शिक्का काय, कोणीही करून घेतो. मयुरीबरोबर तिची आई राहिली तरी चालेल, असं ती आपणहून म्हणाली. आपणहून का म्हणाली? पाणी कुठंतरी मुरत होतं.

मग ते चौघे एक सीन करून बघायला लागले. कानावर हेडफोन लावलेल्या पोरानं एकाएकी हात वर केला. लांब कुठंतरी विहिरीवर मोटर चालू झाली होती. सगळे जागच्या जागी थांबले. कोणी कुरकुरलं नाही, कोणी मोबाईल काढला नाही. पूनमसुद्धा त्या पोराच्या हाताकडे बघत उभी राहिली, तो हात खाली येईपर्यंत.

ही शिस्त उसनी आणता येत नाही. सहदेवरावांच्या पायांना ती डोक्याच्या आधी कळली. आवाज होऊ नये म्हणून त्यांनी चपला काढल्या आणि आपली सावली कॅमेऱ्यापुढं पडू नये म्हणून ते हळूच मागं सरकले. इतक्या वर्षांच्या सवयीच्या देहानं त्या पोरांना खरं मानलं होतं. डोकं तेवढं आडवं आलं. सराईत चोरच सगळ्यात शिस्तीचा असतो, असं त्यांनी स्वतःला बजावलं आणि चपला घालून परत निघाले.

घरी येऊन त्यांनी मुंबईला फोन लावले. पूनम नावाची दिग्दर्शक कोणालाच माहीत नव्हती.

"तुमाले मुंबई सोडून किती वर्सं झाले," सुभद्राबाई तांदूळ निवडताना म्हणाल्या. "तुमच्या वळखीचे लोक तरी आता कोनाले वळखतात?"

"चोराले कोनी वळखत नाई, म्हनूनच तो चोरी करू शकते."

"पोट्टी लय आशेवर हाय. नाई म्हनायचं तं सरळ नाई म्हना, हाव म्हनायचं तं हाव म्हना. लटकवून नका ठेवू."

ही सरळ गोष्ट होती, म्हणूनच सहदेवरावांना ती जमली नाही. नाही म्हणावं तर पुरावा नव्हता आणि हो म्हणावं तर खात्री नव्हती. त्यांनी सदा पेडणेकरला फोन लावला.

"न्यायाधीशाचा आवाज लावू की डॉक्टरचा?" सदानं आनंदानं विचारलं. कितीतरी दिवसांत त्याला कोणी काम दिलं नव्हतं.

"मोठ्या निर्मात्याचा," सहदेवराव म्हणाले.

बेत साधा होता. सदानं पूनमला फोन करायचा. म्हणायचं, आम्ही मोठ्या वाहिनीसाठी मालिका करतो, तुमच्या त्या जळगाव जामोदच्या मुलीच्या व्हिडिओचा मोबाईलवरचा तुकडा आमच्यापर्यंत पोचला, आम्हाला ती नायिका म्हणून हवी, लगेच पाठवा, तुमचं काय ते सांगा. खोटी असेल तर ती स्वतःचा वाटा मागेल, नाहीतर हा फोन मयुरीपासून लपवून ठेवील. दोन्हीकडून सापडेल. खरी निघाली तर सदा दुसऱ्या दिवशी 'मालिका रद्द झाली' म्हणून कळवणारच होता. आजवर असंच चालत आलं होतं.

सदाचा उलट फोन आला तेव्हा सहदेवराव गोविंदाच्या दुकानात स्टुलावर बसले होते. ते उठून बाहेर गेले.

"बाई काही मागेना रे," सदा म्हणाला. "सगळं ऐकून घेतलं. मग म्हणाली, मी तिला आजच सांगते."

"सांगत नाही ती," सहदेवराव म्हणाले. "बघ तू."

ऊन कलायच्या आत पूनम दुकानाच्या दारात उभी होती. सहदेवराव पुन्हा स्टुलावर बसले होते, मयुरी गल्ल्यावर, गोविंदा मागं खोकी लावत. पूनमनं ऐकलेलं सगळं जसंच्या तसं सांगितलं. एक शब्द लपवला नाही.

मयुरीच्या हातातलं टिकल्यांचं पाकीट तसंच राहिलं. "पन ताई, आपला सिनेमा?"

"आपला सिनेमा पुरा होईल की नाही, हे मलाच माहीत नाही," पूनम म्हणाली. "झाला तरी लोक कधी बघतील, तेही नाही माहीत. तिकडं तू घरोघरी दिसशील. मी तुला अडवलं तर जन्मभर मला ते खात राहील. तू जा."

"मंग तुमी काय कराल?"

"पळस गळायला लागलाय, मला थांबता येणार नाही. वाडीतच एक मुलगी आहे, काजल. तिला घेईन."

मयुरी गल्ल्यावरून उतरली आणि पूनमच्या गळ्यात पडली. दोघीही रडत होत्या. जाताना पूनमनं हिरव्या बांगड्या विकत घेतल्या, मयुरीच्या मापापेक्षा लहान.

त्या वेळी सहदेवरावांनी एक वाक्य बोलायला हवं होतं. 'थांब पोरी, तो फोन मी करवला,' एवढंच. ते त्यांच्या जिभेवर आलंही होतं. पण त्यांच्या आतला प्रॉडक्शन मॅनेजर म्हणाला, घाई करू नको. इतकं सरळ कोणी नसतं. हिनं आज विश्वास पेरलाय, उद्या कापायला येईल. मुंबईला पोचवायच्या निमित्तानं येईल, करारावर सही घ्यायला येईल, येईलच. सहदेवराव गप्प बसले. आयुष्यात त्यांनी अनेकदा चुकीचे शब्द काढले असतील, पण त्यांचं गप्प बसणं एवढं महाग कधी पडलं नव्हतं.

दुसऱ्या दिवशी सदानं विचारलं, "रद्दचा फोन करू ना?"

"थांब," सहदेवराव म्हणाले. "तिचा डाव अजून उघडायचाय."

डाव काही उघडेना. गोविंदानं गल्लीत पेढे वाटले. नारळवाल्यानं सहदेवरावांना आपणहून एक नारळ दिला, पोरीच्या नावानं फोडा म्हणाला, आणि त्यांनी तो न हलवताच पिशवीत टाकला. मयुरी बॅग भरत होती, काढत होती, पुन्हा भरत होती. पूनम आली नाही, तिचा फोनही आला नाही. संशयी माणसाला खोट्या माणसाची वाट पाहणं सोपं जातं. तो येत नाही असं दिसायला लागलं की त्याची झोप उडते. शेवटी सहदेवराव पुन्हा वाडीला गेले.

कुडाच्या घरापुढं सावळीशी काजल उभी होती आणि कोणा न दिसणाऱ्या माणसाला तावातावानं काहीतरी सुनावत होती. हातात त्याच हिरव्या बांगड्या. पळसाची फुलं अंगणभर गळून पडली होती आणि तिला ती झाडायला कोणी सांगितलं नव्हतं. सहदेवराव लांब उभे राहिले. काम चांगलं चाललं होतं. त्यांना पाहायचं नव्हतं, तरी तेवढं दिसलंच.

सीन झाल्यावर त्यांनी पूनमला बाजूला घेतलं आणि सगळं सांगितलं. सदा, आवाज, गळ, सगळं. ती ऐकत राहिली. रागानं तिचा चेहरा आधी तापला, मग विझला.

"तुम्ही मला नुसतं विचारलं का नाही, काका?"

"विचारलं असतं तर तू 'मी खरी आहे' असंच म्हणाली असतीस."

"मी खरीच आहे."

"खोटी असतीस तरी हेच म्हणाली असतीस."

"मग तुमच्यापुढं खऱ्या माणसानं करायचं तरी काय?" पूनमनं विचारलं.

इतक्या वर्षांत त्यांनी खोट्याला पकडायच्या शंभर युक्त्या केल्या होत्या आणि खऱ्याला ओळखायची एकही केली नव्हती. त्यांनी हात जोडले. "माझ्या चुकीची शिक्षा पोरीला नको. तिला परत घे."

पूनमनं अंगणात पाहिलं. काजल बांगड्या मागं सारून चुलीसाठी काटक्या मोडत होती. "तिला काय सांगू?" ती म्हणाली. "कोणाच्या तरी काकांनी गंमत केली होती, आता तू जा, असं? मला नाही जमणार ते. आणि तुम्हालाही मी तसं करू नये असंच वाटतंय."

तसं त्यांना वाटत होतं, आणि ह्याचीच त्यांना सगळ्यात जास्त लाज वाटली. करायला गेले गणपती आणि झाला मारुती, एवढं म्हणून सोडून देण्यासारखं हे नव्हतं. मारुतीही दुसऱ्याच्या पोरीच्या आयुष्यात झाला होता.

मयुरीला त्यांनी स्वतःच्या ओट्यावर बसवून सांगितलं. सुभद्राबाई दाराशी उभ्या होत्या. सांगताना त्यांनी काही गाळलं नाही, आणि स्वतःची बाजूही मांडली नाही, कारण मांडायला काही उरलं नव्हतं. मयुरी आधी हसली. मोठेबाबा गमतीत बोलून राह्यले असं तिला वाटलं. मग तिचं हसू गेलं.

"मालिका नाईच?"

"नाई."

"थो निर्माता?"

"माह्या वळखीचा नट हाय. म्या बोलायला लावलं त्याले."

"काऊन?"

"तू फसू नये म्हनून."

सहदेवरावांना वाटलं, आता ही रडेल, शिव्या देईल, आणि ते बरं होईल. ती बोलली ती अगदी सावकाश.

"खामगावले तुमाले फसवलं तवा तिथं तुमच्यासारखे मोठेबाबा नोते. असते तं तुमी मुंबईले गेलेच नसते."

सहदेवरावांनी मान वर केली. आपल्या गोष्टीचा दुसरा अर्धा भाग त्यांना पहिल्यांदाच कोणी वाचून दाखवत होतं.

"तुमाले खोट्या मान्सानं गिरनीचा पत्ता देल्ला, तरी तुमी गेले," मयुरी म्हणाली. "मंग मलेही गिरनीचाच द्या. पन द्या. बॅग भरेल हाय माही."

आतून सुभद्राबाई म्हणाल्या, "गोविंदाले मी पाह्यतो. तुमी पोट्टीले उत्तर द्या."

सहदेवरावांनी डोळे पुसले. मुंबईत आता कोण उरलंय, कोण सरळ आहे, हे ते मनात चाळत राहिले, आणि चाळताना पहिल्यांदाच कोण खोटं हे शोधत नव्हते. डोणगावची तानाबाई होती. नट्यांचे केस करायची, अजूनही करते. आपल्याकडची बाई, एकटी राहते, पोरीला ठेवून घेईल, हाताखाली शिकवील, सेटवर नेईल. कॅमेऱ्यापुढं उभं राहायचं की मागं, ते पोरगी तिथं जाऊन ठरवील. त्यांनी नाव सांगितलं, नंबर सांगितला.

मयुरीनं तो मोबाईलवर घेतला, पण मोबाईल ठेवून दिला नाही. तिनं सहदेवरावांकडे पाहिलं. ती नजर त्यांच्या चांगल्या ओळखीची होती. बैलाच्या पाठीवरून ओला रुमाल फिरवताना ते व्यापाऱ्याकडे असंच पाहत असत. तिनं तिथंच, त्यांच्यासमोर, तो नंबर लावला आणि आवाज मोठा केला.

"तानामावशी का?" ती म्हणाली. "मी जळगाव जामोदहून बोलून राह्यली. तुमी सहदेव उमाळ्यांना वळखता का?"

पलीकडून हो आलं.

"मानूस कसा हाय? त्याच्या शब्दावर घर सोडून यावं, असा हाय का?"

सहदेवराव ओट्यावरून उठले आणि मान खाली घालून तानाबाईच्या उत्तराची वाट पाहत उभे राहिले.